नशीब म्हणजे वाटा

(बीड जिल्ह्यातल्या एका युवा शिबिरात केलेल्या भाषणाचं हे लेखी रूप. बोलताना झालेली पुनरुक्ती तेवढी कमी केली आहे.)



शिबिराच्या मित्रांनी फोनवर विषय विचारला तेव्हा मी म्हटलं, 'नशीब' यावर बोलतो. पलीकडे जरा शांतता पसरली. त्यांना वाटलं असणार, पुण्यात आयटीत नोकरी लागली, आता हा येऊन 'नशीब आपल्या हातात असतं' वगैरे सांगणार. तसलं काही सांगणार नाही, घाबरू नका. मी आलिम नाही, भाषाशास्त्रज्ञही नाही. शिक्षणाने आणि पोटापाण्याने सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे.

आमच्या धंद्यात एक पद्धत असते. रात्री दोन वाजता सर्व्हर बंद पडला, लोकांचे पैसे अडकले, की दुसऱ्या दिवशी एक अहवाल लिहावा लागतो. हे का झालं? त्याचं मूळ कारण काय? एका उत्तरावर थांबायचं नाही, पुन्हा पुन्हा 'का' विचारत खाली जायचं. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी थकून त्या अहवालात लिहिलं होतं, 'दोन गोष्टी दुर्दैवाने एकाच वेळी घडल्या.' माझ्या वरिष्ठ बाईंनी तो कागद परत पाठवला. वर एवढंच लिहिलं होतं, 'दुर्दैव' हे कारण नव्हे, पुन्हा शोध.

तेव्हा राग आला. नंतर बऱ्याच वर्षांनी, एका वेगळ्याच कामासाठी आमच्या घरातला एक जुना कागद हातात आला आणि ते वाक्य आठवलं.

तो कागद १९९७ सालचा. माझे दादा, म्हणजे अब्बांचे वडील, त्या वर्षी वारले. माजलगावकडं आमची बारा एकर जमीन होती, सगळी कोरडवाहू. मागे दादी, दोन मुलगे आणि दोन मुली. मी नऊ वर्षांचा होतो. एका सकाळी आम्ही सगळे जीपमध्ये बसून तालुक्याला रजिस्ट्री ऑफिसला गेलो. दोन्ही फुफी नव्या ओढण्या घेऊन आल्या होत्या. माझ्यासाठी ती सहलच होती. बाहेरच्या हॉटेलात अब्बांनी सगळ्यांना भजी खाऊ घातली. आत काय झालं ते मी पाहिलं नाही. एवढंच आठवतं की धाकटी फुफी बाहेर आली तेव्हा अंगठ्याची शाई पुसायला तिला काही सापडेना, म्हणून तिने तो माझ्या डोक्यावर तेलकट केसांत घासला. सगळे हसले.

तो कागद म्हणजे हक्कसोडपत्र होतं.

तुमच्यापैकी किती जणांच्या घरात असा कागद आहे हे मी विचारणार नाही. हातच वर करायचे नसतील तर विचारण्यात अर्थ नाही. पण मुसलमान असो, मराठा असो, वंजारी असो, ह्या बाबतीत आपल्या जिल्ह्यात कमालीची एकी आहे.

धाकट्या फुफीचा नवरा ट्रकवर क्लीनर होता. दोन वर्षांनी तो अपघातात गेला. पदरात दोन लेकरं. गावात काम नाही, म्हणून ती ऊसतोडीला जाऊ लागली. तोडीला नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात, हे तुम्हाला माहीत आहे. एकटी बाई म्हणजे अर्धा कोयता. उचलही अर्धी. दिवाळीच्या सुमाराला ती जायची, उन्हाळ्याच्या तोंडाला परत यायची. बत्तिसाव्या वर्षी एका डॉक्टरने तिची पिशवी काढून टाकली. आमच्या घरात, नातेवाइकांत, मोहल्ल्यात, तिचा विषय निघाला की एकच वाक्य ऐकू यायचं: "क्या करते बा, उसका नसीबच वैसा हाय."

मी हे वाक्य शेकडो वेळा ऐकलं आहे, आणि खरं सांगायचं तर म्हटलंही आहे. 'नसीब' ह्या शब्दाचा अर्थ काय, हे मात्र तीस वर्षांचा होईपर्यंत मला कळलं नव्हतं.

नसीब हा अरबी शब्द. त्याचा अर्थ वाटा. हिस्सा. कोणाच्या तरी नावाने काढून ठेवलेला भाग. मराठीत आला तेव्हा 'स'चा 'श' झाला आणि वाट्याचं कपाळ झालं. किस्मत घ्या. तोही अरबी, आणि मूळ अर्थ वाटप. ज्यांनी उर्दू शाळेत गणित शिकलं त्यांना भागाकाराला काय म्हणतात ते आठवत असेल: तक़सीम. किस्मत आणि तक़सीम एकाच धातूतून आलेले आहेत. आता मराठी शाळेतल्यांनी आपला शब्द पाहावा. भागाकार. आणि भाग्य. दोन्हीत 'भाग' तोच. भाग्य म्हणजे ज्याच्या वाट्याला जो भाग आला तो. आपण तर बोलतानाही 'माझ्या वाट्याला आलं' असंच म्हणतो.

फारसीतला 'बख्त' पाहा. 'कमबख्त' ही शिवी आपण सर्रास देतो. हा बख्त आणि संस्कृतातला 'विभक्त' मधला भक्त, हे दूरचे भाऊ आहेत. दोघांच्या मुळाशी वाटणे हीच क्रिया. ग्रीक लोक नियतीला 'मोइरा' म्हणत, तिचाही मूळ अर्थ हिस्सा. इंग्रजीत 'लॉट' म्हणजे नशीबही आणि जमिनीचा तुकडाही. लॉटरी तिथूनच आली, आणि आपल्या राज्य सरकारने १९६९ मध्ये ती सुरूही केली.

सगळेच शब्द असे नाहीत. 'दैव' देवापासून आला. 'प्रारब्ध' म्हणजे जे सुरू होऊन गेलं आहे ते. 'तकदीर' म्हणजे मोजमाप, ठरवलेलं माप. पण सेमिटिक घ्या, इराणी घ्या, आपलं संस्कृत घ्या, ग्रीक घ्या, एकमेकांपासून लांब राहणाऱ्या इतक्या लोकांनी नशिबासाठी शब्द शोधला तेव्हा त्यांना वाटणीच आठवली. शिकारीचं मांस, लुटीतला माल, बापाची जमीन. वाटणी डोळ्यांसमोर होत होती. कोणीतरी वाटत होतं. मला कमी आलं, तर ते कोणी कमी दिलं हे दिसत होतं. पुढे शब्द राहिला आणि वाटणारा दिसेनासा झाला.

ही गोष्ट अरबस्तानात कशी घडली ते जरा बघू, कारण आपले दोन शब्द तिथून आले आहेत. इस्लामपूर्व अरबांत 'मैसिर' नावाचा जुगार होता. उंट कापायचा, त्याचे वाटे करायचे आणि पिशवीतून बाण काढायचे. जुन्या वर्णनांप्रमाणे बाण दहा. सातांवर एक ते सात हिस्से, तीन कोरे. ज्याच्या नावाने कोरा निघाला त्याने उंटाचे पैसे भरायचे. लग्न करावं का, प्रवासाला निघावं का, हेही बाण काढून ठरवत. कुरआनच्या पाचव्या सूरेत ह्या बाणांनी आपला हिस्सा पाहायला मनाई आहे, आणि तिथं जे क्रियापद आलं आहे ते किस्मत ज्या धातूतून आली त्याच धातूचं आहे. म्हणजे बाणांनी किस्मत काढू नका.

मग किस्मत काढायची कशी? चौथी सूरा उघडा. अन-निसा, स्त्रिया. सातवी आयत. आईबाप आणि जवळचे नातेवाईक जे मागे ठेवून जातात त्यात पुरुषांचा वाटा आहे आणि स्त्रियांचाही वाटा आहे, मालमत्ता थोडी असो की फार, हा वाटा ठरवून दिलेला आहे, अशा आशयाची ती आयत आहे. ह्या वाट्यासाठी तिथं कोणता शब्द आहे? नसीब. लगेच पुढच्या आठव्या आयतीत म्हटलं आहे की वाटणीच्या वेळी दूरचे नातेवाईक, अनाथ, गरीब हजर असतील तर त्यांनाही काही द्या. ह्या वाटणीसाठी शब्द आहे किस्मत.

मी हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मोबाईल खाली ठेवला. माझ्या फुफीचं 'नसीब' कुठंतरी आकाशात लिहिलेलं आहे असं मी समजत होतो. ते त्या आयतीत लिहिलेलं होतं, आणि त्याचं गुंठ्यांत उत्तर काढता येत होतं. मी काढलं. पत्नीचा आठवा हिस्सा, म्हणजे दादीला दीड एकर. उरले साडेदहा. मुलाला दोन भाग, मुलीला एक, असे एकूण सहा भाग. एका भागाला पावणेदोन एकर. पुढं दादी वारली, तिचे दीड एकर पुन्हा त्याच सहा भागांत, एका भागाला दहा गुंठे. म्हणजे प्रत्येक फुफीचं नसीब पुरे दोन एकर.

आणखी एक हिशेब सांगतो. २००६ मध्ये माझा इंजिनिअरिंगला नंबर लागला. फीसाठी अब्बांनी रस्त्याकडची दीड एकर विकली. लोक म्हणाले, लड़का नसीबवाला है. बरोबरच होतं. फुफीच्या दोन एकरांत माझी डिग्री झाली आणि वर अर्धा एकर उरला.

एक गंमत इथं सांगायलाच हवी, कारण ती माझ्या धंद्याशी जोडलेली आहे. नवव्या शतकात, खलिफा मामूनच्या काळात, बगदादला मुहम्मद इब्न मूसा अल-ख्वारिज्मी नावाचा विद्वान होता. त्याच्या नावाचा लॅटिनमध्ये अपभ्रंश होऊन 'अल्गोरिदम' शब्द झाला, आणि त्याच्या पुस्तकाच्या नावातल्या 'अल-जब्र' वरून 'अल्जिब्रा'. त्याच शब्दावर माझं पोट चालतं. आता ह्या पुस्तकाचा मोठा भाग कशाबद्दल आहे? वारसाच्या वाटण्यांबद्दल. बाई मेली, मागे नवरा, मुलगा आणि तीन मुली, शिवाय तिने कोणाला तरी मृत्युपत्राने अमुक भाग दिला आहे, तर प्रत्येकाला किती, अशी उदाहरणं. नसीब अचूक काढता यावं हा बीजगणिताचा एक मोठा उपयोग होता. आणि बरोबर ह्याच्या उलट बाजूने, १६५४ मध्ये पास्कल आणि फर्मा ह्या दोन फ्रेंच गणितज्ञांनी एकमेकांना पत्रं लिहिली त्यातून संभाव्यतेचं गणित उभं राहिलं, ज्यावर आजचा विमा चालतो. त्या पत्रांतला प्रश्न काय होता? जुगार अर्ध्यात थांबला तर डावावरचे पैसे दोघांत न्याय्य पद्धतीने कसे वाटायचे. पुन्हा वाटणीच.

मग शब्दाचा अर्थ इतका कसा बदलला? ह्यात लोकांचं भोळेपण असेल, पण सत्तेचाही हात आहे. उमय्या राजवटीत, म्हणजे ६६१ ते ७५० च्या दरम्यान, मुसलमानांत मोठा वाद झाला. माणूस जे करतो ते त्याला करायलाच लावलेलं असतं, असं म्हणणाऱ्यांना 'जबरिया' म्हणत.  माणसाला निवडीची ताकद आहे, म्हणून तो जबाबदार आहे, असं म्हणणारे 'कदरिया'. आता तुम्ही सुलतान असाल तर कोणतं मत तुम्हाला परवडेल? मी गादीवर बसलो ही अल्लाहची मर्जी, मी कर वाढवला तीही त्याचीच मर्जी. कदरिया विचाराचा घैलान दिमश्की हा खलिफा हिशामच्या काळात मारला गेला. हा वाद फक्त मदरशातला नव्हता. नशिबाला बोल लावला की राजाला बोल लागत नाही, हे राजाला आधी कळतं.

त्या वादाच्याही आधीची एक गोष्ट मला फार आवडते. हजरत उमर शामकडं निघाले होते. वाटेत खबर आली की तिथं प्लेग पसरला आहे. त्यांनी सल्लामसलत केली आणि परत फिरायचं ठरवलं. अबू उबैदा म्हणाले, अल्लाहच्या तकदीरपासून पळता काय? उमर म्हणाले, होय, एका तकदीरपासून दुसऱ्या तकदीरकडे. आणि उदाहरण दिलं उंट चारणाऱ्याचं. दरीची एक बाजू हिरवी, एक उजाड. हिरव्या बाजूला चारलं तरी ती तकदीरच, उजाड बाजूला चारलं तरी तकदीरच. मग चारणार कुठं? कोरोनाच्या काळात मी ही गोष्ट आमच्या मोहल्ल्यात सांगितली होती. एक चाचा म्हणाले, वो उमर थे बेटा. मी म्हटलं, म्हणूनच सांगतोय.

आता आपल्या बीडकडं या. इथं नशीब हा शब्द फार स्वस्त आहे. पाऊस नशिबात नाही. बरं, नाही. पण बीड शहराजवळची खजाना बावडी तुमच्यापैकी बहुतेकांनी पाहिली असेल, निदान सेल्फी तरी काढली असेल. सोळाव्या शतकात, निजामशाहीच्या काळात बांधलेली. पाणी येण्याचे आणि जाण्याचे भुयारी मार्ग, आणि कोणताही पंप न लावता, फक्त उताराच्या जोरावर, खालच्या शिवाराला पाणी. ज्याने ती जागा निवडली, उतार मोजला, त्या माणसाला पाऊस तुमच्या-आमच्याएवढाच मिळत होता. तकदीर म्हणजे मोजमाप, असं मघाशी म्हणालो ना, त्याने ते अक्षरशः घेतलं.

आणि ऊसतोड? २०१९ मध्ये राज्य सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. बीडमधल्या ८२,३०९ ऊसतोड महिलांची पाहणी झाली. त्यातल्या १३,८६१ जणींची गर्भाशयं काढलेली होती. म्हणजे जवळपास सहा बायकांमागे एक. देशभरात हे प्रमाण साधारण तीन टक्के आहे. आमच्या धंद्यातली पद्धत लावा. पिशवी का काढली? पोटात दुखायचं, अंगावरून जायचं. का? फडात न्हाणीघर नाही, संडास नाही, पहाटे चारपासून मोळ्या वाहायच्या. उपचार का नाही केले? एक दिवस सुट्टी घेतली की खाडा, आणि खाड्याचा दंड उचलीतून. उचल का घेतली? घरी पीक नाही, जमीन नाही. जमीन का नाही? ह्या पाचव्या प्रश्नाला सगळ्यांचं उत्तर एक नसणार, दुष्काळ असेल, कर्ज असेल, पिढ्यांपासून भूमिहीन असतील. माझ्या फुफीच्या बाबतीत पाचव्या प्रश्नाचं उत्तर आमच्या लोखंडी कपाटात होतं.

मुलींच्या बाबतीत तर 'नशीब' ह्या शब्दाने आपल्या जिल्ह्यात अतिरेक केला. २००१ च्या जनगणनेत बीडमध्ये सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे ८९४ मुली होत्या. २०११ मध्ये ८०७. 'नशिबात मुलगी नव्हती' असं म्हणणाऱ्या घरांतलं नशीब सोनोग्राफीच्या पडद्यावर ठरत होतं. मूल जन्मल्यावर पाचवीच्या रात्री सटवाई येऊन कपाळावर लेख लिहिते, म्हणून कोरा कागद आणि लेखणी ठेवायची, ही आपल्या गावांतली जुनी रीत. ज्या मुली जन्मल्याच नाहीत त्यांची पाचवी कोण करणार? शिव्याही पाहा. पांढऱ्या पायाची, करंटी, अवदसा. सगळ्या बाईला. पांढऱ्या पायाचा पुरुष मी अजून ऐकला नाही.

कायद्याचं थोडक्यात सांगतो, नंतर प्रश्नोत्तरांत वकील ताई आहेतच. १९३७ चा शरीयत कायदा आला त्यामागे एक कारण असं होतं की अनेक भागांत रूढीच्या नावाखाली मुसलमान बायकांना वारसा मिळतच नव्हता, आणि बायकांच्या संघटनांनी त्याविरुद्ध आवाज उठवला होता. पण त्याच कायद्याच्या दुसऱ्या कलमात एक कंस आहे. शेतजमीन वगळून. त्या वेळी शेतजमीन हा प्रांतांचा विषय होता, हे एक कारण. जमीनदारांना तो कंस गैरसोयीचा नव्हता, हे दुसरं. आपला मराठवाडा तेव्हा निजामाकडं होता, कायदा आपल्याकडं नंतर आला, पण मनातला कंस आधीपासूनच होता. जहेज दिला ना, तोच तिचा हिस्सा. भाऊ ईदीला साडी नेतो ना. हिस्सा मागितला तर माहेर तुटेल. हे सगळं त्या कंसात बसतं.

तुमच्यातली एखादी मुलगी म्हणेल, पण अर्धाच का? बरोबर प्रश्न आहे. माझं मत मी लपवत नाही: ज्या देशाच्या संविधानाने मला आणि माझ्या बहिणीला एकेकच मत दिलं आहे, तिथं मला दोन आणि तिला एक भाग हे मला पटवता येत नाही. वडिलांना हयातीत हिबा करून मुलामुलींना सारखं देता येतं, त्याला कोणी अडवत नाही. केरळात २०२३ च्या ८ मार्चला सी. शुकूर आणि डॉ. शीना ह्या जोडप्याने लग्नाला जवळजवळ तीस वर्षं झाल्यावर विशेष विवाह कायद्याखाली पुन्हा लग्न नोंदवलं. तिघी मुलीच आहेत, मालमत्तेतला हिस्सा काकांकडे जाऊ नये म्हणून. हेही एक नशीब काढणंच आहे. पण माझा राग दुसरीकडे आहे. अर्ध्या हिस्स्याच्या बाजूने जे सगळ्यात मोठ्याने बोलतात, त्यांच्या सातबाऱ्यावर बहिणीचा अर्धा तरी आहे का, एवढं बघा. तलाठ्याकडं जायचीही गरज नाही, सातबारा मोबाईलवर दिसतो.

सगळंच कोणीतरी वाटलेलं असतं, असं मी म्हणत नाही. क्लीनरचा ट्रक त्या वळणावर त्या क्षणी आला, ह्याचं कारण मला सापडणार नाही. मी कोणाच्या पोटी जन्मलो हे मी ठरवलं नाही. माझे अब्बा २०२१ च्या एप्रिलमध्ये गेले, बेड मिळाला, तरी गेले. लोक म्हणाले, इतनीच लिखी थी. त्या वाक्याने अम्मीला खरंच आधार झाला. त्यावर मी भांडलो नाही, आजही भांडणार नाही. शोकाच्या घरी नसीब शब्दाचं काम वेगळं असतं. रजिस्ट्री ऑफिसात वेगळं.

अब्बा गेल्यावर वारस नोंदीसाठी कागद काढले, तेव्हा ते हक्कसोडपत्र हाती लागलं. माझी बहीण लातूरला असते. चाचांनी तिला फोन करून विचारलं होतं, सही करायला कधी येतेस? ती माझ्याकडं पाहत होती. मी काही बोलायच्या आत अम्मी म्हणाली, "इस घर में एक कागज बस हुआ."

अब्बांच्या नावावर साडेचार एकर उरली होती. त्यातली दोन मुळात फुफींची, एकेकीची एक. उरलेली दोन चाचांकडं. चाचांनी आमच्याशी बोलणं बंद केलं आहे, ईदला मी जातो, ते पाणी देतात, बोलत नाहीत. मोठ्या फुफीने नको म्हटलं. ती म्हणाली, ह्या वयात मला एक एकर नको, दोन भाऊ हवे होते, त्यातला एक गेला, दुसरा ह्याने जाईल. तिच्यावर मी जबरदस्ती केली नाही. तिच्या नावाची एक एकर वेगळी ठेवली आहे, तिचं मन बदललं तर तिची.

धाकट्या फुफीकडं गेलो तेव्हा ती तोडीवरून नुकतीच परतली होती. मी तिला सगळं समजावून सांगितलं. सूरा निसा सांगितली, आठवा हिस्सा, सहा भाग, मोबाईलवर आकडे दाखवले. तिने शांतपणे ऐकलं. मला वाटलं ती रडेल. खरं तर मी तीच तयारी करून गेलो होतो, आपण मोठं काहीतरी करतो आहोत अशा थाटात. ती म्हणाली, "जमीन तो देगा. इत्ते साल का माल कौन देगा? वो बी गिन ना. तू तो इंजिनेर है."

बक्षीसपत्र झालं. ह्या वेळी भजी तिने खाऊ घातली, स्वतःच्या पैशाने. फेरफार मंजूर झाला, सातबाऱ्यावर तिचं नाव आलं.

मालाचा हिशेब मी सुरू केला आहे. २६ वर्षं. एक्सेलमध्ये ओळी पाडल्या आहेत: साल, पीक, उतारा, भाव, खर्च. कुठल्या साली कापूस होता, कुठल्या साली बाजरी आणि तूर, कधीपासून सोयाबीन, हे अम्मीला बरंच आठवतं. भाव बाजार समितीकडून काढतो आहे. २०१२ आणि २०१५ ह्या दुष्काळी वर्षांत उत्पन्न जवळपास शून्य आहे, ते मी शून्यच धरलं तेव्हा फुफी म्हणाली, ठीक है, वो अल्लाह का. बाकीच्या २४ ओळींपैकी आत्तापर्यंत ११ भरून झाल्या आहेत.